उतरायची जागा

थामरच्या बायकोने, रुबाने, एकदा त्याच्या सगळ्या जुन्या जर्स्या धुऊन गच्चीवर वाळत घातल्या, तेव्हा पलीकडची शेजारीण ओरडून म्हणाली होती, "अगं रुबा, तुझ्याकडे अख्खी टीम जेवायला आहे की काय?" जॉर्डनमधल्या सल्त गावच्या त्या चढाच्या गल्लीत हा विनोद पुढे बरीच वर्षं चालला. प्रत्येक जर्सी वेगळ्या रंगाची, पाठीवर वेगळा आकडा. अम्मान, इर्बिद, लेबनॉनमधलं झहले, ट्युनिशियातलं सूस, मनामा, पुन्हा अम्मान. बारा गावचं पाणी प्यायलेला माणूस! कुठल्याच गावाने दुसऱ्या ग्लासासाठी थांबवून घेतलं नाही, एवढंच.

थामर बास्केटबॉल खेळायचा, पण त्याला कोणी बास्केट टाकायला बोलवत नसे. टाकणारे वेगळे असतात, त्यांची पोस्टरं लागतात. समोरच्या टीममधला जो पोरगा फार उडायला लागेल, त्याच्या अंगावर सोडायला थामर. ढकलायचं, अडवायचं, कानाशी चार शिव्या पुटपुटायच्या, पाच फाऊल भरले की खाली मान घालून बाकावर येऊन बसायचं. तीही एक नोकरीच की. पण असल्या नोकरीला वय झालेलं चालत नाही, आणि यंदाच्या मोसमानंतर कोण घेणार, हा घोर त्याला लागला होता.

त्यातच सेमीफायनल आली, आणि समोर कुतैबा. करक गावचा पोरगा, नुकता विशीत आलेला. काय उडायचा! वर जाऊन जरा टेकल्यासारखा थांबायचा आणि मग निवांत चेंडू सोडायचा. तुर्कस्तानच्या एका क्लबशी त्याचं बोलणं जवळजवळ पक्कं झालं होतं. मध्यंतरानंतर कोचने थामरची मान पकडून जवळ ओढली आणि म्हणाला, "त्याला जमिनीवर ठेव. कसं, ते मला सांगू नकोस."

उडणाऱ्याने उतरायचं कुठे, तेवढी वीतभर जागा त्याची असते. ती कोणी घ्यायची नाही. नियमात आहेच, पण नियम पाठ होण्याआधीच प्रत्येक पोराला गल्लीतल्या खेळात ते कळलेलं असतं. कुतैबा वर गेला, चेंडू सोडला, आणि तो खाली येत असताना थामरने आपला पाय पुढे सरकवला. घसरला नाही, धक्का लागला नाही. सरकवला. कुतैबाची टाच त्या पायावर आली आणि गुडघा भलतीकडे वळला. तो आवाज थामरने ऐकला. बाकी हॉल त्या वेळी गात होता.

पंचाने साधा फाऊल दिला. कॅमेऱ्यात थामरची पाठ आड आली होती, पाय दिसतच नव्हता. मॅच जिंकली. कोचने मिठी मारली. पुढच्या मोसमाचा शब्दही तिथेच मिळाला! त्या दिवसापासून थामरला घशाखाली घास उतरेना. खाई त्याला खवखवे, दुसरं काय.

इकडे करकची माणसं पेटली. पोलिसात तक्रार गेली, क्लबच्या गाडीची काच फुटली. मग क्लबने करायचं ते केलं. जाहा न्यायचं ठरलं: मोठ्या माणसांनी सन्मानाने घरी जायचं, माफी मागायची आणि भांडण मिटवून यायचं. पुढारी म्हणून मिथकाल पाशांना विनंती केली. पाशा लष्करातून निवृत्त, मिशा अजून ड्युटीवर. त्यांनी आजवर किती भांडणं मिटवली होती, त्यांनाच ठाऊक.

मिनीबस करकच्या वाटेला लागली तसा क्लबचा सेक्रेटरी अबू रमझी सुरू झाला. "थामर, तुझ्या इतक्या जर्स्या, की माझ्या बायकोकडे तेवढी फडकी नाहीत! आज कुठली घातलीस? माफीची आहे का एखादी?"

सगळे हसले. थामरही हसला, कारण न हसणं दिसलं असतं.

"चेहरा बघा याचा," अबू रमझी म्हणाला. "अरे, अपघात होता! खेळात हाडं मोडतातच. तुला काय फाशी द्यायला नेतोय का?"

थामर उठून पुढे पाशांच्या सीटपाशी गेला. "पाशा, एक सांगायचं होतं."

"सांगायचं ते देवाला सांग," पाशा खिडकीबाहेर बघत म्हणाले. "माणसांशी मी बोलतो. जाहाला तोंड एकच असतं, बाबा. तू मागे बसायचं, मान खाली. कळलं?"

"पण पाशा, ते जे झालं ना..."

"झालं ते झालं. बस जाऊन."

बसला. खरं सांगायचं तर त्याला बरंच वाटलं. सांगायचा प्रयत्न केला होता, कोणी ऐकलं नाही, आपला काय दोष? माणूस स्वतःला असा किती सहज सोडवून घेतो!

करकला वारा अंगात शिरत होता. कुतैबाच्या घराण्याच्या बैठकीत मधोमध शेगडी पेटलेली, भिंतीलगत गाद्यांवर चुलते, आत्तेभाऊ, म्हातारे, सगळे ताठ. कुतैबाचे वडील, अबू कुतैबा, दारातच उभे होते. शाळेत गणित शिकवणारा बारीक माणूस, खांद्यावर मेंढीच्या कातड्याचा झगा. त्यांनी प्रत्येकाशी हात मिळवला. थामरशीही. हात कोरडा आणि गरम होता.

कडू कॉफी आली. पहिला पेला पाशांच्या हातात दिला गेला. पाशांनी तो न पिता समोर जमिनीवर ठेवला. मागायला आलेल्याने मागणं मान्य होईपर्यंत घोट घ्यायचा नसतो, आणि एकदा घोट घेतला की विषय संपला, नातवंडांनीसुद्धा तो पुन्हा काढायचा नाही.

पाशा बोलले. देवाचं नाव, पूर्वजांचं नाव, करकच्या लोकांच्या मोठ्या मनाचं नाव. "तुमच्या लेकराला आमच्या लेकराकडून इजा झाली. नशिबाचा खेळ होता, मनात काही नव्हतं. तुमच्या उंबऱ्यावर आलोय, रिकाम्या हाताने पाठवू नका."

मनात काही नव्हतं! थामरचं लक्ष त्या पेल्यावर खिळलं. आत्ता उठावं. म्हणावं, पाशा, पिऊ नका. तीनच शब्द.

अबू कुतैबांनी शेगडीतले निखारे सारखे केले. मग म्हणाले, "पाशा, मला राग होता. खोटं कशाला बोलू? मी याला पाहिलं असतं तर..." त्यांनी वाक्य सोडून दिलं. "पण माझा मुलगाच मला म्हणतो, बाबा, चूक माझी. मी उतरलोच वाकडा. रोज म्हणतो. जिना उतरताना भिंत धरतो, म्हणतो, माझ्या पायांवर माझा भरवसा नाही. ज्याचा गुडघा गेला तोच दोष देत नाही, तर मी कोण देणारा? कॉफी प्या पाशा. मागायला आलात ते दिलं."

थामरचं तोंड उघडलं. शपथेवर सांगता येईल, उघडलं होतं. पण आजूबाजूला सगळे पांढऱ्या दाढीचे, मध्ये पाशा, घरी रुबा आणि दोन मुली, नवा मोसम... पाशांनी पेला उचलला, एका घोटात संपवला आणि परत देताना 'आणखी नको' अशा खुणेने मनगट हलवलं. बस झालं. बैठकीतले सगळे एकदम बोलायला लागले. अबू रमझीने तर थामरच्या पाठीवर अशी थाप मारली की तो पुढे झुकला. "सुटलास, लेका!"

मग मनसफ आलं. भाताचा डोंगर, वर मटण, त्यावर सुकवलेल्या दह्याची ऊन कढी. मोठ्या परातींभोवती माणसं उभी राहिली, उजव्या हाताने जेवू लागली. थामर एका परातीपाशी भाताचा गोळा उगाच वळत राहिला.

"कॅप्टन, तुम्ही जेवत नाही?"

कुतैबा होता. जुन्या खेळाडूला तिकडे मानाने कॅप्टनच म्हणतात. काखेत कुबड्या, पाय पट्ट्यांनी ताठ बांधलेला. टीव्हीवर दिसायचा त्यापेक्षा लहान वाटत होता.

"जेवतोय रे."

"तुमच्याशी बोलायचं होतं. बरं झालं आलात." तो परातीच्या टेबलाला टेकून उभा राहिला आणि आवाज खाली आणून म्हणाला, "तुम्ही इतकी वर्षं खेळलात, इतक्या ठिकाणी. तुम्ही माझ्या सगळ्यात जवळ होतात त्या वेळी. मला सांगा, मी नक्की काय चुकलो? पाय पुढे टाकतो का मी? ऑपरेशन होईल, एक वर्षाने उभा राहीन म्हणतात. पण उतरायचं कसं, हेच कळेनासं झालंय. स्वप्नातसुद्धा वर जातो आणि वरच लटकून राहतो. खाली यायची भीती वाटते."

थामरच्या बोटांमधून भात खाली पडला. इथे गप्प राहायला पाशा नव्हते आड, कोच नव्हता, कोणीच नव्हतं. हा पोरगा उद्या उभा राहिला तरी उडणार नव्हता, आणि ते गुडघ्यामुळे नव्हे.

"तू बरोबर उतरला होतास," थामर म्हणाला.

"नाही कॅप्टन, मी..."

"अरे, ऐक. तू बरोबर उतरला होतास. सरळ. तुझ्याच जागेवर. तिथे माझा पाय होता. मी ठेवला होता."

कुतैबाने त्याच्याकडे पाहिलं. मग आपल्या पायांकडे पाहिलं, बांधलेल्या आणि मोकळ्या, दोन्ही. ओठ पांढरे पडले. थामर वाट बघत होता, हा ओरडेल, कुबडी उगारेल. देवाशप्पथ, त्याला तेच हवं होतं.

पलीकडच्या परातीपाशी अबू कुतैबा कशावर तरी हसत होते. मुलगा पडल्यापासून ते बहुधा पहिल्यांदाच हसत असावेत. कुतैबाने मान वळवून एकदा तिकडे पाहिलं.

मग त्याने एक कुबडी भिंतीला टेकवली, चांगल्या पायावर भार दिला, हात लांब करून मटणाचा मोठा तुकडा तोडला आणि थामरच्या समोर ठेवला.

"जेव."

"कुतैबा, मी तुझ्या वडिलांना आत्ता जाऊन सांगतो."

"काही सांगायचं नाही. पाशांनी कॉफी प्यायली. माझ्या बापाने शब्द दिलाय, अख्ख्या घराण्यासमोर." त्याचा आवाज थरथरत होता, पण खालचाच होता. "आता तू सांगितलंस तर बाप दिलेला शब्द मोडेल, नाहीतर पाळून आतल्या आत मरेल. सांगायचं होतं तर कॉफीच्या आधी सांगायचं होतंस. तेव्हा कुठे होतास?"

थामर तेव्हा पाशांच्या मागेच, दोन हातांच्या अंतरावर बसलेला होता. हे त्याला म्हणवलं नाही.

"जेव," कुतैबा पुन्हा म्हणाला. "आमच्या घरातून उपाशी उठलास तर लोक माझ्या बापाला विचारतील."

थामरने तुकडा तोंडात घातला. चावला. गिळला. डोळ्यांत पाणी आलं ते कढी गरम म्हणून, असं कोणालाही वाटलं असतं. कुतैबा तिथेच उभा राहिला, भिंत न धरता.

तेवढ्यात लांबून अबू कुतैबांची हाक आली, "अरे कुतैबा, नुसता उभा काय? पाहुण्याला वाढ ना! संकोचतोय तो!"

"वाढतो, बाबा," कुतैबा म्हणाला, आणि त्याने हाडावरचं मऊ मऊ बघून आणखी वाढलं.