लाल दिव्यावरची पट्टी

बाबांचं स्वरयंत्र दुसऱ्या दिवशी काढणार होते. त्याआधी त्यांचा आवाज टिपून ठेव, असं बहिणीनं दादाला बजावलं होतं. माहितीपट आणि चित्रपट करण्यात दादाचं निम्मं आयुष्य कॅमेऱ्यामागे गेलं. परक्यांचे आईबाप टिपले, घरचे राहूनच गेले.

बाबांना खिडकीशी बसवून तो प्रकाश जुळवत राहिला. पडदा सारला, दिवा हलवला, पुन्हा पडदा.

"अरे, माझं लग्न ठरवतोयस का?" बाबा घोगऱ्या आवाजात म्हणाले. "बोलू आता?"

"थांबा, बाबा. कपाळ चमकतंय."

"टक्कल आहे ते. चमकणारच!"

शेवटी मनासारखं झालं आणि त्यानं बटण दाबलं. कॅमेरा चालू असल्याचं दाखवणाऱ्या लाल दिव्यावर त्याची काळी पट्टी कायमची असे. तो दिवा दिसला की माणसं आखडतात, हे तो माहितीपटांत शिकला होता. चित्रपटाच्या सेटवर 'कॅमेरा चालू' असं ओरडायला माणूस असतो. इथे दोघंच. आणि बोलणाऱ्याच्या डोळ्यांवरून नजर काढून कॅमेऱ्याच्या पडद्याकडे पाहणं त्याच्या रक्तातच नव्हतं.

बाबा मन मोकळं करून बोलले. आई पहिल्यांदा कुठे दिसली, दादा घरी फिरकत नसे तेव्हा ती काय म्हणायची. शेवटी त्यांनी दोघा मुलांना लहानपणीच्या लाडक्या नावांनी हाक मारली. दादानं बटण दाबून कॅमेरा उचलला.

दुसऱ्या दिवशी बाबांना शस्त्रक्रियेसाठी आत नेलं. बाहेरच्या बाकावर बहीण म्हणाली, "लाव ना रे थोडं. जीव खालीवर होतोय."

त्यानं लावलं. पडदा, दिवा, पुन्हा पडदा, टक्कल. दादानं बटणाकडे हात नेला आणि चित्र तिथेच संपलं. पुढचं चित्र जमिनीचं होतं. त्याचे बूट, मग दार.

मांडामांड करताना बटणाला धक्का लागून कॅमेरा आधीच चालू झाला होता. चालू करायला म्हणून त्यानं तो बंद केला होता, आणि बंद करायला म्हणून चालू.

तो उठून दारापाशी गेला. बाहेर आलेली नर्स म्हणाली, "भूल दिलीय त्यांना. बसा तुम्ही."

मागे बहिणीनं तेच पुन्हा लावलं होतं. 'बोलू आता?' 'थांबा, बाबा.'

"दादा," ती म्हणाली, "बाबांना बोलू का देत नाहीयेस?"