वाळूच्या तबकाची सवत

माझ्या पितळी कोपऱ्यांचे कौतुक करण्यापूर्वी ऐकून घ्या. मी एक लेखनपेटी आहे. शिसवी लाकडाची, आतून हिरव्या लोकरी कापडाची बनात लावलेली, आणि स्वभावाने मत्सरी.

लंडनच्या एका कसबी सुताराने मला घडवले. श्रॉपशर परगण्यातल्या लेडी थिओडोशा पेव्हरेल यांच्या सोळाव्या वाढदिवशी मी त्यांच्या मांडीवर जाऊन बसले, ती वीस वर्षे उठले नाही. माझ्या झाकणाच्या उतारावर कागद ठेवून त्यांनी तीन कादंबऱ्या लिहिल्या. पुस्तकांवर मात्र ‘एका स्त्रीने लिहिलेली’ एवढेच छापले जाई. उमरावाच्या लेकीने आपले नाव दुकानात मांडणे घराण्याला शोभत नसे. त्यांचे नाव त्या पानांवर एकदा तरी उमटावे, एवढीच माझी इच्छा होती.

मग माझी सवत आली.

गावच्या मुलींसाठी बाईसाहेबांनी एका कोठारात शाळा काढली. कोठार त्यांच्या थोरल्या बंधूंचे, गावही त्यांचेच. वाचन शिकवावे, शिवण शिकवावे, लेखन मात्र नाही, अशी बंधूंची अट होती.

“धर्मग्रंथ वाचू देत गं,” लॉर्ड पेव्हरेल म्हणाले, “पण लिहायला शिकल्या, तर उद्या मलाच तक्रारअर्ज धाडतील!”

“निदान अक्षर तरी वाचता येईल, दादा. तुझं कुठे येतं?”

“थिओ, चेष्टा पुरे. कोठारात शिकलेल्या पोरीनं लिहिलेला कागद दिसला, की त्याच दिवशी कुलूप.”

म्हणून बाईसाहेबांनी वाळूचे तबक करवून घेतले. मुली त्यात बोटाने धुळाक्षरे गिरवीत. दादांच्या घोड्याच्या टापा ऐकू आल्या, की एक हिसका, आणि सारे सपाट! चार फळकुटे ठोकून केलेले ते तबक! पण बाईसाहेबांची बोटे दिवसभर त्यातच. माझी शाई दौतीत वाळून जाई.

केझाया ही गवळ्याची मुलगी; तिच्या हातांना चीजचा वास येई. ती एकदा म्हणाली, “बाईसाहेब, वाळूतलं माझं नाव रोज मरतं. एकदा तरी जगू द्या ना!”

बाईसाहेबांनी तिला आपल्या घरी नेले आणि माझ्यासमोर बसवले. तिने स्वतःचे नाव लिहिले, खाली त्यांचे. तो कागद बाईसाहेबांनी माझ्या खणात, हस्तलिखितांच्याही वर ठेवला. माझ्या खणात! माझा नुसता जळफळाट झाला.

पुढच्याच आठवड्यात लॉर्ड पेव्हरेल तेथे आले आणि पत्रावर मोहोर लावण्यासाठी लाख शोधू लागले. दमट हवेत माझा खण हमखास अडकतो. त्या दिवशी मी तो अडकू दिला नाही.

“हे कुणाचं अक्षर?”

“केझायाचं.”

“आणि तुझं नाव लिहायची तिची हिंमत?”

“दादा,” बाईसाहेब शांतपणे म्हणाल्या, “माझ्या खणात माझं नाव लिहिलेला हा एकच कागद आहे.”

दुपारीच कोठाराला कुलूप लागले आणि तबक उकिरड्यावर गेले. मला झालेला आनंद एकच दिवस टिकला. दुसऱ्या दिवशी बाईसाहेबांनी अर्धी लिहिलेली चौथी कादंबरी माझ्यातून काढली, फितीने बांधली आणि कपाटात ठेवली. त्यांचे घर आईकडून आलेले. त्यावर दादांचा हुकूम चालत नव्हता. अकरा मुली तेथे येऊ लागल्या आणि माझ्याच बनातीवर शाई सांडू लागल्या. ती कादंबरी पुढे कधीच पूर्ण झाली नाही. खण मी उघडला होता.

बाईसाहेब गेल्या, त्यालाही आता तीस वर्षे झाली. मी केझायाकडे आहे. ती गावची वृद्ध शिक्षिका. मी तिच्याकडे आले त्याच दिवशी तिने त्या तीन कादंबऱ्या माझ्या उतारावर उघडल्या, ‘एका स्त्रीने’ ही अक्षरे खोडली आणि वर ठसठशीत लिहिले: लेडी थिओडोशा पेव्हरेल. ज्या हाताचा मी मत्सर केला, त्याच हाताने.

माझी एकच विनंती आहे. तो खण त्या दिवशी का अडकला नाही, हे केझायाला सांगू नका. रोज सकाळी ती फडके घेऊन येते आणि मला प्रेमाने पुसते. पण त्याआधी भिंतीपाशी जाते. उकिरड्यावरून उचलून आणलेले ते फुटके तबक तिने तेथे टांगले आहे.

आधी ती त्यालाच पुसते.