नवव्या दिवशी काढलेल्या बल्ल्या

हिंगण्याच्या पुढे असलेल्या त्या गावानं मधुकररावांना पाच वर्षांपूर्वी सरपंच केलं ते काही भाषणं ऐकून नव्हे. भाषणात ते अडखळतात. पावसाळ्यात तूर-कपाशी आणि उन्हाळ्यात हातात गवंड्याची थापी, असं तीस वर्षं चाललं. अर्धं गाव त्यांच्याच हातचं. लोक म्हणाले, ज्याची भिंत गळत नाही, तो माणूस काहून गळन?

तेच मधुकरराव आज कडक इस्त्रीच्या पांढऱ्या कपड्यांत, नव्या अंगणवाडीचं दार आतून लावून, एका दोरीकडे बघत उभे होते.

दोरी गवंड्याची. या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत ताणलेली, दोन्ही टोकांना छताच्या दोन बोटं खाली. मधोमधही दोन बोटंच भरायला हवीत. तिथे मात्र दोरी छताला टेकली होती. स्लॅब वाकला होता.

स्लॅब टाकला की त्याच्या खाली टेकू दिलेल्या लाकडी बल्ल्या एकवीस दिवस हलवायच्या नाहीत, हे गावातल्या प्रत्येक नव्या गवंड्याला त्यांनीच कान पिळून शिकवलेलं. पण निवडणुकीची आचारसंहिता लागणार होती. ती लागली की उद्घाटन गेलं, आणि मधुकररावांना पंचायत समितीला उभं राहायचं होतं. नवव्या दिवशी त्यांनी बल्ल्या काढायला लावल्या.

"मधुकर, सिमेंटाले तुई आचारसंहिता समजत नाही गा," त्यांचा जुना जोडीदार बळीराम मिस्त्री म्हणाला होता.

"तू काढ. सरपंच मी आहो."

दार वाजलं. अंगणवाडीच्या शामलाताई. आज पहिला दिवस. लेकरं आणि त्यांच्या आया दारात जमलेल्या.

"भाऊ, दार काहून लावलं जी?"

मधुकररावांनी दार उघडलं आणि चौकटीतच उभे राहिले. "आज नाही जमत. लाइटचं काम राहिलं."

म्हाताऱ्या रामाजीनं त्यांच्या खांद्यावरून आत डोकावलं. दोरी त्यालाही दिसली. "स्लॅब बसला ना बावा! बळीरामनं सिमेंट खाल्लं असन."

"तरीच पोट सुटलं त्याचं!" कुणीतरी म्हणालं. हशा पिकला.

बळीराम हापशीपाशी सुपारी-तंबाखूचा खर्रा घोटत उभा होता. त्यानं मान वर केली नाही.

खरं सांगायचं तर त्या घडीला मधुकररावांना बरं वाटलं. वाटलं, चला, सुटलो. आणि आपल्याला बरं वाटलं हे ध्यानात आलं तेव्हा मात्र उभ्या जागी भुई फाटावी असं झालं.

"बळीरामनं नाही," ते म्हणाले. आवाज नेहमीसारखाच अडखळला. "बल्ल्या मी काढायला लावल्या. फीत कापाची होती मले."

हसू थांबलं. शामलाताईंनी जवळचं लेकरू मागे ओढलं. "आज हे आत बसले असते, भाऊ," एवढंच बोलल्या.

मधुकरराव आवारात रचलेल्या बल्ल्यांकडे गेले. इंजिनिअर येईस्तोवर टेकू तरी द्यायला हवा. त्यांनी एक उचलली. दुसरं टोक आपोआप हलकं झालं. बळीरामनं धरलं होतं.

"कपडे खराब होतीन, सरपंच."

"होऊ दे."

"अन् बल्ली उलटी धरून राहिला तू. पाच वर्षांत सारं इसरला गा."

मधुकररावांनी निमूटपणे बल्ली फिरवून घेतली.