भावजींचा संत्र्याचा सॉस

आमच्या घरात जेवायला बसल्यावर स्वयंपाकाला नावं ठेवायची नाहीत. नियम सासऱ्यांचा. ते गेले, नियम राहिला. त्यामुळे या घरात आलेल्या प्रत्येक सुनेला आपण सुगरण असल्याचं वाटतं. मलाही चार वर्षं वाटत होतं.

भावजी, म्हणजे माझे धाकटे दीर, हॉटेलात सॉस करतात. महिन्यापूर्वी त्यांना ताप आला. उतरला, पण जाताना वास आणि चव दोन्ही घेऊन गेला. हे मला कळलं ते दुधामुळे. दूध करपून घरभर वास सुटला होता आणि भावजी शेगडीशेजारी निवांत कांदा चिरत होते. मी बघतेय हे लक्षात आल्यावर म्हणाले, "वहिनी, कुणाला बोलू नका."

सोमवारी कामावर हजर व्हायचं होतं. खरं सांगावं तर सॉसची शेगडी हातची जाणार. लपवावं तर पहिल्याच पातेल्यात पितळ उघडं पडणार, आणि मग कुठलंच हॉटेल उभं करणार नाही. म्हणून रविवारी दुपारी त्यांनी स्वतःचीच परीक्षा ठरवली. संत्र्या-लिंबाच्या सॉसमधले चिकन विंग्ज.

"दहा वर्षं करतोय, हाताला पाठ आहे. सगळ्यांना आवडलं, तर उद्या गुपचूप कामाला लागतो."

परीक्षेला घर निवडलं तेही आमचं, जिथे नापास करायची सोयच नाही!

काकडी चिरायच्या निमित्ताने मी ओट्यापाशी थांबले. त्यांनी विंग्ज कापडाने टिपून कोरडे केले, मीठ-मिरी चोळून ओव्हनमध्ये ठेवले. कातडी कुरकुरीत झाली का, ते काट्याने खरवडून कान देऊन ऐकलं. इथवर हात दहा वर्षांचाच होता. मग पातेल्यात संत्र्याचा रस, लिंबू, मध, आलं आणि संत्र्याच्या सालीच्या जाड पट्ट्या. त्या कधी काढायच्या हे ते नेहमी चाखून ठरवत. आजही सवयीने चमचा तोंडात गेला, थांबला, बाहेर आला. पट्ट्या उकळत राहिल्या.

"काढायच्या का?" मी विचारलं.

"परीक्षेत शेजारच्याने बोलायचं नसतं, वहिनी."

पानं वाढली. सॉसला चकाकी अशी की बघत राहावं. पहिल्याच घासाला माझ्या तोंडात काढा.

"वा!" सासूबाई म्हणाल्या.

"हॉटेलसारखंच," धाकटी जाऊ, म्हणजे भावजींची बायको, म्हणाली.

प्रत्येक गोष्टीची मोजदाद ठेवायची मला खोड आहे. सासूबाई: दोन विंग्ज, तीन ग्लास पाणी. धाकटी: एकच विंग, तीनदा उचलून तीनदा खाली. आमचे हे: पाच, एक शब्द न बोलता. त्यांचा हिशेब मला लागेना.

भावजी मात्र महिन्यात पहिल्यांदा खुर्चीला टेकून बसले. "उद्या सातची पाळी. डबा नको, तिकडेच खाईन."

मी हातातलं हाड खाली ठेवलं. "भावजी, कडू झालंय."

"सूनबाई!" सासूबाई ओरडल्या. "भरल्या ताटावर?"

"उद्या शेफ भरल्या किचनमध्ये सांगतील, आई."

भावजींनी भावाकडे पाहिलं. "दादा, तू तर पाच खाल्लेस."

"कडूच होतं रे."

"मग पाच कशाला?"

"तू बघत होतास."

भावजी बायकोकडे वळले. "गुरुवारचं सूप?"

"मीठच नव्हतं."

"आणि परवाचं ऑम्लेट?"

"त्यात दोनदा पडलं होतं."

"म्हणजे तुला ठाऊक होतं."

"मला वाटलं, तू सांगशील," ती म्हणाली. "रोज वाटायचं."

भावजी उठले, हात धुतले आणि खिडकीशी जाऊन शेफना फोन लावला. "उद्या येतो, पण सॉसवर नको. भाज्या चिरतो, काहीही करतो... चव गेलीय. हो, पूर्ण." पुढे नुसतं "हं" चाललं होतं. सात मोजले मी. दर वेळी आवाज थोडा खाली.

परत येऊन बसले. माझ्याकडे बघितलं नाही. "जागा महिनाभर धरून ठेवतो म्हणाले. त्यापुढे नाही."

सासूबाईंनी त्यांच्या पाठीवर हात ठेवला. "महिन्यात येईल बघ चव. नक्की येईल."

"आई," भावजी म्हणाले, "आता तरी खरं बोल."