मामीचा हुंकार

भाचीला ऑफिसात सगळे चाळणी म्हणत, आणि ते तिला माहीत होतं. विद्यापीठाच्या ऑनलाइन विभागात पाठ तयार करून, तपासून पुढे पाठवायचं तिचं काम. आवाजात घरघर असेल, फळ्यावरची अक्षरं बारीक असतील, शिक्षकाच्या तोंडचं वाक्य पडद्याखालच्या ओळींत चुकलं असेल, तर पाठ तिच्या हातून पुढे सरकायचा नाही. "अगं, एवढंसं तर आहे!" असं कुणी म्हटलं की ती म्हणे, "एवढंसंच आहे ना? मग दुरुस्त करायला कितीसा वेळ लागणार?" बोलायला फटकळ, पण मन लोण्यासारखं. दूर कुठेतरी एकटीच खोलीत बसून शिकणाऱ्या मुलीला मध्येच हात वर करता येत नाही, मग निदान तिला ऐकू तरी स्वच्छ जावं, एवढंच तिचं म्हणणं.

अशा या चाळणीत एके दिवशी तिचा सख्खा मामाच येऊन अडकला.

मामा संख्याशास्त्राचा प्राध्यापक. निवृत्त होईपर्यंत त्याचा तास म्हणजे रंगलेलं निरूपण. आकड्यांचं नाव काढताच जी मुलं पळ काढत, तीच त्याच्या वर्गात खिडकीच्या कट्ट्यावर बसून ऐकायची. निवृत्तीनंतर मात्र घरात त्याचं चित्त लागेना. वर्तमानपत्रातल्या टक्केवारीतल्या चुका काढून तो त्या वर्तमानपत्रालाच समजावून सांगे. म्हणून विभागानं जेव्हा त्याच्याकडे ऑनलाइन पदवीसाठी पाठ मागितले, तेव्हा त्याला पुन्हा पालवी फुटली. नवा सदरा शिवला. आरशासमोर उभं राहून "नमस्कार, विद्यार्थीमित्रहो" म्हणून झालं.

आणि स्टुडिओत दिवे लागले, समोर कॅमेऱ्याची काच आली, तसा मामा गारठला. चौकीत जबाब द्यावा तसा बोलला. हात कुठे ठेवावेत ते कळेना, म्हणून दोन्ही हात मागे बांधले, तर शिक्षा झालेल्या पोरासारखा दिसायला लागला.

नातेवाइकाच्या पाठाला भाचीनं गुण द्यायचे नाहीत, नुसती तयारी करून द्यायची, हा नियम तिनंच आपणहून मागून घेतला होता. गुण द्यायच्या त्या पडताळणी समितीच्या बाई. त्यांचा शेरा आला: "मजकूर उत्तम. सादरीकरण निर्जीव. नमुन्याचा एक पाठ पुन्हा पाठवावा. तोही मान्य न झाल्यास मजकूर प्राध्यापकांचा ठेवून आवाज यंत्राचा घ्यावा."

हा शेरा मामाला सांगायचा कसा? ती मामाच्या घरी गेली तेव्हा मामा वाटच बघत होता.

"काय म्हणाल्या गं बाई?"

"मजकूर उत्तम म्हणाल्या."

"आणि?"

"आणि... आणखी एकदा करून बघू म्हणाल्या."

मामा खुर्चीत बसला. "चिमणे, तू लहानपणी पेन्सिल हरवलीस की अशीच बोलायचीस. खरं काय ते सांग."

तिनं खरं काय ते सांगितलं. यंत्राच्या आवाजाचं ऐकल्यावर मामा हसला, पण ते हसू ओठांच्या वर काही गेलं नाही. "बरंय की. यंत्राला खोकला तरी येणार नाही," म्हणाला, आणि उठून उगाचच खिडकी लावून आला. खिडकी आधीच लावलेली होती.

आता माणसाच्या आयुष्यात एकच गोष्ट त्याला मनापासून येत असावी, आणि तीच त्याच्या हातून काढून यंत्राला द्यावी, हे भाचीला बघवेना. "स्टुडिओ गेला खड्ड्यात," ती म्हणाली. "तुझ्याच घरी करू. जेवणाच्या टेबलाशी."

दुसऱ्या दिवशी सकाळी तिनं टेबल भिंतीला लावलं, मागे काळा फळा टांगला, कॅमेरा तिकाटण्यावर बसवला. मामा उभा राहिला. काचेकडे बघितलं आणि पुन्हा गारठला.

"या बयेला डोळा आहे, पण पापणी नाही गं," तो म्हणाला. "कळलं की नाही कळलं, समजणार कसं? भिंतीशी बोलल्यासारखं होतं."

"अहो, भिंतीशी बोलायची तुम्हाला सवय आहे की," आतून मामीचा आवाज आला. "रोज वर्तमानपत्राशी बोलता ते काय असतं?"

मामी इस्त्रीचं टेबल ढकलत ढकलत बाहेर आली. आतल्या खोलीतला दिवा गेला होता आणि कपड्यांचा ढीग तर पडलेला. "तुमचं चालू द्या. मी आपली या कोपऱ्यात. मध्ये मध्ये करणार नाही."

ती कॅमेऱ्याच्या मागेच, अगदी मामाच्या नजरेसमोर उभी राहिली. भाची तिला हटवणार, तेवढ्यात मामानं बोलायला सुरुवात केली. काचेकडे नाही, काचेच्या वरून. मामीकडे.

"दोन बस आहेत समज. दोन्ही सरासरीनं अगदी वेळेवर येतात. एक रोज ठरल्या वेळी येते. दुसरी आज पाच मिनिटं लवकर, उद्या पाच मिनिटं उशिरा. सरासरी काढली तर दोघी सारख्याच."

"हं," मामी म्हणाली. इस्त्री फुस्स करून वाफ सोडती झाली.

"पण त्या सारख्या आहेत का?"

"हं?"

"तुला काय वाटतं?"

"मला काय वाटायचंय? त्या तुमच्या सरासरीवर उभं राहून माझे पाय दुखतात."

मामाचे मागे बांधलेले हात सुटले. "तेच! तेच तर मोजायचंय आपल्याला! तुझे पाय किती दुखतात ते सरासरी सांगत नाही." तो फळ्याकडे वळला. रोजचा फरक लिहिला. उशीर अधिकात, लवकर उण्यात. "आता या फरकांची बेरीज केली तर काय येतं? शून्य. अधिक पाच आणि उणे पाच, दोघांनी एकमेकांना खाऊन टाकलं. म्हणून आपण प्रत्येक फरकाचा वर्ग करतो. कळलं?"

इस्त्री थांबली. "नाही कळलं."

"काय नाही कळलं?"

"वर्ग कशाला? उशिरा आली ते वाईट, लवकर आली ते चांगलं. जमा तेवढाच खर्च. शून्य झालं तर बिघडलं कुठे?"

भाची टाचा उंचावून बघत राहिली. मामा सदऱ्याच्या बाहीला खडू पुसत विचार करू लागला. बराच वेळ कुणीच बोललं नाही.

"थांबा थांबा," मग मामीच म्हणाली, "लवकर येऊन निघून गेली, तर मला कुठे मिळाली? ती तर चुकलीच की!"

मामा खदखदून हसला. "अगदी बरोबर! म्हणजे लवकर येणं हीसुद्धा चूकच. इथे जमा नाहीच, दोन्ही खर्चच! म्हणून उणं असो की अधिक, वर्ग केला की दोन्ही चुका चुका म्हणूनच उभ्या राहतात. अगं, इतकी वर्षं शिकवलं, पण त्या लवकर गेलेल्या बसमागे धावणारं माणूस मला कधी दिसलंच नव्हतं!"

"मी धावत नाही हो. हात दाखवते."

तिथून पुढे पाठ असा रंगला म्हणता की काही विचारू नका. मामीच्या हुंकारानं त्याला ठेका धरला. लांबलेला "हंऽऽ" आला की मामा पुढे जाई, तोडका "हं?" आला की मागे वळे, आणि "हं हं हं" आलं की समजावं, पाल्हाळ पुरे.

भाची तरंगतच ऑफिसात गेली. आणि तिथे बसून तिनं जे केलं, ते तिच्यासारख्या चोख माणसाच्याच हातून होऊ जाणे. तिनं पाठ स्वच्छ केला. इस्त्रीची वाफ काढली. कॅमेऱ्याबाहेरचा दुसरा आवाज नियमात बसत नव्हता, तो काढला. ती लांबलचक शांतता काढली. एका जागी मामानं बेरीज चुकवून मग सुधारली होती, तीही उडवली. निकषांच्या प्रत्येक रकान्यात खूण झाली. एकही डाग राहिला नाही.

संध्याकाळी तिनं तो पाठ मामाच्या घरी नेऊन दोघांना दाखवला.

पडद्यावर मामा उभा होता. "तुला काय वाटतं?" त्यानं हवेला विचारलं, आणि पुढच्याच क्षणी "तेच!" म्हणून आनंदला. मग एकाएकी खदखदून हसला. कशाला हसला, कुणालाच कळायला मार्ग नव्हता. कुणी चुकून बघितलं असतं तर म्हणालं असतं, बिचारे एकटेच राहतात वाटतं.

पाठ संपला. मामानं चष्मा काढून पुसला.

"छान झालाय गं. चकाचक. पाठव."

ते "पाठव" कसं आलं, ते भाचीनं ओळखलं. पोरीनं मेहनत घेतलीय, तिचं मन मोडायला नको, म्हणून आलं ते. मामी मात्र कपड्यांच्या घड्या सारख्या करत म्हणाली, "माझा आवाज फार घोगरा येत होता का गं?"

भाचीला तोंडात मारल्यासारखं झालं. "नाही गं मामी," एवढंच कसंबसं म्हणाली. पाठ सुधारायला गेले आणि त्यातलं माणूसच पुसून आले, हे तिला उमगलं. पण नियम तरी खोटा कुठे होता? कुणाचाही आवाज कुठूनही आला तर शिकणाऱ्यानं समजायचं काय? रस्ताभर ती स्वतःशीच भांडत राहिली. सकाळी ऑफिसात पोहोचली ती ठरवूनच. मामीचा शब्द न् शब्द, ती शांतता आणि चुकून सुधारलेली बेरीजही तिनं जागच्या जागी परत बसवली. 'दुसरा आवाज कोणाचा' या रकान्यात लिहिलं: "शिकणारी. प्राध्यापकांची पत्नी." 'काय काढलं' या रकान्यात: "इस्त्रीची वाफ." आणि पाठ पाठवला.

बाईंनी तिला बोलावून घेतलं. टेबलावर पाठ थांबवून ठेवलेला, पडद्यावर मामा विचारात उभा.

"इथे आवाज बंद पडलाय?" बाईंनी विचारलं.

"नाही, बाई. मामा विचार करतोय."

"एवढा वेळ?"

"प्रश्नच तसा आला होता."

बाईंनी पाठ पुढे चालू केला. मामीची बस चुकली, मामा हसला. बाईंच्या चेहऱ्यावरची एक सुरकुतीही हलली नाही. भाचीच्या डोळ्यांसमोर ते यंत्र उभं राहिलं, मामाचा मजकूर न खोकता वाचणारं.

"हा पाठ मी असा मान्य करू शकत नाही," बाई म्हणाल्या.

भाचीनं खाली बघितलं. "तो आवाज काढला तर पाठच उरत नाही, बाई. मी काढून बघितलाय."

"आवाज काढा असं कोण म्हणतंय?" बाईंनी पडद्याखालच्या ओळींवर बोट ठेवलं. "इथे बघा. प्राध्यापकांचा शब्द न् शब्द आहे. या बाईंचे प्रश्नही आहेत. पण त्यांचे 'हं' कुठे गेले?"

"ते... ते शब्द नाहीत म्हणून..."

"ज्या मुलाला ऐकू येत नाही, त्यानं काय करायचं? प्राध्यापक मध्येच मागे का वळले, ते त्याला कळणार कसं? पलीकडे कुणीतरी ऐकतंय, हे त्यालाही कळायला नको?" बाईंनी चष्मा वर सरकवला. "सगळे 'हं' लिहा. आणि नुसतं 'हं' नको. प्रश्नाचं कुठलं, होकाराचं कुठलं, 'पुरे'चं कुठलं, ते पुढे कंसात लिहून वेगवेगळं दाखवा. बेरीज चुकलीय तिथे पडद्यावर टीप द्या. इस्त्रीची वाफ काढलीत ते ठीक. त्यांच्या पत्नीची लेखी संमती आणा. मग मान्य." थोडं थांबून, नजर कागदावरच ठेवून त्या म्हणाल्या, "वर्ग का करायचा, ते मलाही कॉलेजात कुणी धड सांगितलं नव्हतं. आणि पुढचे पाठही असेच हवेत. त्या बाई असतील ना?"

"असेल, बाई. असेलच!" भाची म्हणाली. मामीला विचारलेलं नव्हतं, ते तिच्या जिन्यात लक्षात आलं.

"सगळे पाठ?" मामी फोनवर किंचाळलीच. "अगं, मला काय उद्योग नाहीत? मला त्या आकड्यांत काडीचा रस नाही! परवा हे केविलवाणे दिसत होते म्हणून हं हं केलं!"

मागून मामाचा आवाज आला, "बघ, तीस-पस्तीस वर्षं मी समजत होतो, हिला माझं बोलणं आवडतं."

"बोलणं आवडतं हो. विषय नाही आवडत."

भाचीनं बोलणं मध्येच तोडलं. "मामी, तू नाहीस तर यंत्र बोलणार आहे."

मग मामी म्हणाली, "कधी यायचंय तुला? मात्र मला काय म्हणायचं ते कुणी लिहून द्यायचं नाही. कळलं तर कळलं म्हणेन, नाही तर नाही."

त्या आठवड्यात पुढचा पाठ सुरू झाला. आज इस्त्री नव्हती. मामी चांगली साडी नेसून, केस नीट विंचरून खुर्चीत ताठ बसली होती. ती कॅमेऱ्यात दिसणार नाही हे भाचीनं दोनदा सांगूनही तिनं ऐकलं नव्हतं. मामानं खडू उचलला आणि सुरुवात केली. बोलता बोलता गाडीनं वेग धरला. मामी शांत. फळा अर्धा भरला, तरी मामी शांत. मामाचा आवाज हळूहळू बारीक होत गेला. शेवटी त्यानं खडू खाली ठेवला.

"काय गं? कुठे अडलं?"

"कुठे नाही. कळतंय सगळं. म्हणून गप्प बसलेय."

"मग तसं चेहऱ्यावर दिसू दे की! इथे माझा जीव टांगणीला!"

"बरं बाई," म्हणत मामीनं पदर सारखा केला, आणि आपल्या नवऱ्याकडे बघून असा काही भरभरून "हंऽऽ" म्हणाली, की मामा लाजून फळ्याकडेच वळला. भाचीनं पडद्याखालच्या ओळींसाठी तो हुंकार लिहून घेतला, आणि त्याच्यापुढे कंसात काय लिहावं, या विचारात पेन तसंच धरून बसली.