शनिवारी संध्याकाळी सहाला येणारे गृहस्थ

डेर्लिस इन्स्फ्रान हा स्वतंत्र चित्रपट-दिग्दर्शक आहे. स्वतंत्र म्हणजे त्याला कोणी पैसे देत नाही आणि सल्लाही देत नाही. सल्ला मी देते, पण तो घेत नाही. उरलेल्या वेळात तो भयकथांची चित्रमय पुस्तकं लिहितो आणि त्यातूनही वेळ उरला की राजधानी असुन्सियोनमधल्या मुलींच्या, लग्नासारख्या थाटात होणाऱ्या पंधराव्या वाढदिवसांचं शूटिंग करतो. आमचं घर चालतं ते या शेवटच्या उरलेल्या वेळावर.

पुस्तकांतली चित्रं माझी. एरवी मी दंतवैद्यकाच्या पाठ्यपुस्तकांसाठी दाढा काढते, त्यामुळे आमच्या पिशाच्चांचे दात शास्त्रशुद्ध असतात. एका वाचकाने तर 'सुळे ठीक, पण अक्कलदाढ विशेष आवडली' असं कळवलं होतं. आमच्या कामावर आलेला हा सर्वांत सविस्तर अभिप्राय.

डेर्लिसचं दुःख असं, की त्याला कोणी घाबरत नाही. त्याचा पहिला सिनेमा फ्रिजमध्ये राहणाऱ्या भुताचा. शेजारच्या देशातल्या एका महोत्सवात त्याला उत्कृष्ट विनोदी चित्रपटाचं बक्षीस मिळालं. डेर्लिस मंचावर गेला, आभार मानताना त्याचा आवाज चिरकला, आणि लोक पुन्हा हसले.

पण महोत्सवाचं सोडा. खरा प्रश्न पोर्फिरियामावशीचा होता. आई गेल्यावर तिनेच त्याला आरोयो मोरोती गावात वाढवलं. मँडिओकाचे कंद सोलता सोलता ती त्याला अशा काही गोष्टी सांगायची, की हा मोठा घोडा होईपर्यंत परसातल्या संडासात एकटा गेला नाही. पुढची सगळी कारकीर्द म्हणजे त्याचीच परतफेड. एकदाच, फक्त एकदाच, मावशी घाबरली पाहिजे.

आणि मावशी त्याचं प्रत्येक पुस्तक शेजारणींना मोठ्याने वाचून दाखवायची. "अगं ऐक, ऐक! हा मुडदा बसचं तिकीट काढतोय. सुट्टे आहेत का म्हणून विचारतोय मेला!"

शेवटी डेर्लिसने हुकमाचं पान काढलं. आमच्या मुलखात एक गृहस्थ आहेत. बुटके, अंगभर केस, चालताना पावलांचा आवाज नाही, पक्ष्यासारखी शीळ घालतात. अंडी पळवतात, बायकांच्या वाटेला जातात. परसात तंबाखू आणि उसाची दारू ठेवली की खूश असतात. त्यांचं नाव मोठ्याने घ्यायचं नाही; घेतलं तर आपल्याला बोलावलं असं त्यांना वाटतं. अगदीच वेळ आली तर आवाज खाली आणून 'रात्रीचे साहेब' म्हणायचं. मी पदवीधर आहे, माझा यावर विश्वास नाही. नाव इथे लिहीत नाही ते निव्वळ शैलीचा भाग म्हणून.

सिनेमाचं नाव मात्र डेर्लिसने तेच ठेवलं. नुसतं नाव. पुढे उद्गारचिन्ह.

गृहस्थांची भूमिका गावचा न्हावी सेल्सो याने केली. त्याची उंची मुळातच सोयीची होती आणि केस त्याच्या दुकानातलेच. शूटिंग झालं, जुळवाजुळव झाली, आणि पहिला खेळ गावातच करायचा ठरला, चर्चमागच्या सभागृहात.

जाहिरातीसाठी ब्लास इराला होता. त्याच्या टपाला कर्णा बांधलेल्या गाडीवरून गावात निधनं, फुटबॉलचे सामने आणि डुकराचं ताजं मटण हे सगळं एकाच दुःखी आवाजात जाहीर होतं.

"मी हे बोलणार नाही," कागद वाचून ब्लास म्हणाला.

"का?"

"मला तीन मुली आहेत, काराई डेर्लिस," तो अदबीने म्हणाला.

"अहो, सिनेमाचं नाव आहे ते!"

"तुम्हाला माहीत आहे. मला माहीत आहे. त्यांना माहीत आहे का?"

डेर्लिस हार मानणाऱ्यातला नाही. मानत असता तर आज बँकेत असता. त्याने असुन्सियोनमधल्या एका रेडिओ निवेदकाकडून जाहिरात ध्वनिमुद्रित करून आणली. ब्लासने कानांत कापूस घालून फक्त गाडी चालवायची, असं ठरलं.

त्या गुरुवारी दिवेलागणीला लोक दारात खुर्च्या टाकून बसले असताना गाडी निघाली. आधी एक लांब शीळ. मग घशात विहीर असावी अशा आवाजात ते नाव, पूर्ण, तीनदा. आणि मग, "येतोय! तुमच्या गावात! या शनिवारी! संध्याकाळी सहा वाजता!"

गाडीने एकही गल्ली सोडली नाही.

शनिवारी आम्ही दुपारपासून खुर्च्या मांडत होतो. सहा वाजले. सभागृहात मी, डेर्लिस आणि एक कुत्रा. सव्वासहाला कुत्राही गेला.

"फुटबॉलचा सामना असेल आज," डेर्लिस म्हणाला.

मी दारातून बाहेर पाहिलं. रस्त्यावर चिटपाखरू नव्हतं. प्रत्येक दार बंद, खिडक्या बंद, आणि प्रत्येक परसाच्या भिंतीवर एकेक बाटली आणि एकेक विडी. गावातल्या दुकानातली दारू आणि तंबाखू शुक्रवारीच संपल्याचं मला मागाहून कळलं. येणाऱ्याने तारीख दिली होती, वेळ दिली होती. लोकांनी आपल्या परीने स्वागताची तयारी केली होती.

साडेसहाला सेल्सो आला. शोभा म्हणून तो पूर्ण वेषात, केसांसकट, गावातून चालत आला होता.

"मालक, काय गाव आहे हो!" तो खांबाला धरून उभा राहिला. त्याच्या दोन्ही खिशांत विड्या होत्या. "एक माणूस समोर आला नाही, पण पाहुणचार... घरटी पाहुणचार! नाही कसं म्हणायचं?" मग तो शेवटच्या रांगेत आडवा झाला आणि घोरू लागला.

तेवढ्यात पोर्फिरियामावशी आली. गळ्यात तीन जपमाळा, हातात स्वतःची खुर्ची, कारण चर्चच्या खुर्च्यांनी तिची कंबर धरते.

"बाकीची मंडळी कुठाय?" तिने विचारलं.

"तूच आहेस, मावशी."

"मग लाव की. माझ्यासाठी काय अडलंय?"

डेर्लिसने सिनेमा लावला. मावशी पहिल्या दहा मिनिटांतच हसायला लागली. सेल्सो झाडावरून उडी मारतो तिथे तिला ठसका लागला, मी पाठ चोळून दिली. डेर्लिस पडद्याकडे बघतच नव्हता, तो मावशीकडे बघत होता. दात उपटून घ्यायला बसलेल्या माणसासारखा.

"छान आहे रे," दिवे लागल्यावर मावशी डोळे पुसत म्हणाली. "सेल्सो गोड दिसतो."

"भीती नाही वाटली? जरासुद्धा?"

"सेल्सोची? अरे, त्याचं नाक पुसलंय मी." मग ती जपमाळेशी चाळा करू लागली. "पण परवा ते काय फिरवलंस गावातून?"

"जाहिरात?"

"काय असेल ते. मी कपडे वाळत घालत होते. ती शीळ ऐकली आणि बादली तिथेच टाकून आत पळाले. दाराला खाट लावली, खाटेवर शिवणयंत्र चढवलं. दोन रात्री डोळ्याला डोळा नाही. हसू नकोस, मेल्या!"

डेर्लिस हसत नव्हता. तो खुर्चीवर बसला. "मग आज आलीस कशी एवढ्या रस्त्याने? एकटी?"

"तुझा सिनेमा होता ना," मावशी म्हणाली. "कोणीतरी यायला हवं."

आम्ही रात्रीच परतलो. दुसऱ्या दिवशी सकाळी मी तेरेरे, म्हणजे आमचा पानांचा गार चहा, भरून पेला त्याच्या हातात दिला, तर नळी तोंडात धरून तो तसाच बसून राहिला.

"सुनिल्दा, नवीन पुस्तक. साहेबांवरच. पण ते दिसायचे नाहीत. नावही नाही."

"मग मी काढू काय?"

"दारं."

"दारं?"

"बंद दारं. आत बसलेली माणसं. भिंतीवर एक बाटली. पुढच्या पानावर तीच बाटली, जरा कमी भरलेली."

"आणि दात?"

"दात नाहीत."

माझ्या व्यावसायिक जीवनातला हा मोठाच धक्का होता, पण मी काढली. सहा महिने मी दारं काढली: कडीची, अडसराची, खाट लावलेली. एका दाराला शिवणयंत्रही लावलं. डेर्लिसने अख्ख्या पुस्तकात जेमतेम पानभर मजकूर लिहिला आणि तोही नंतर निम्मा खोडला.

पुस्तक छापून आल्यावर आम्ही बसने आरोयो मोरोतीला गेलो. भर दुपार होती. मावशीने झग्याला हात पुसले, पेरूच्या झाडाखाली बसली आणि चष्मा लावून पहिलं पान उघडलं. शेजारणी सवयीने कुंपणाशी जमल्या.

"वाच की मोठ्याने!" एक म्हणाली.

मावशीने वाचून दाखवलं नाही. ती पानं उलटत गेली. मध्ये एकदा मागे वळून परसाच्या भिंतीकडे बघितलं, पुन्हा पानात डोकं घातलं. अर्ध्यावर आली आणि तिने पुस्तक मिटून मांडीखाली सरकवलं.

"कसं आहे?" डेर्लिसने विचारलं. त्याचा आवाज चिरकला.

"अर्धं झालं."

"मग पुरं कर ना."

"उद्या करीन. दुपारी." मावशीने चष्मा काढला. "तुम्ही दोघं आज मुक्कामाला आहात ना रे?"

संध्याकाळी असुन्सियोनमध्ये एका मुलीचा पंधरावा वाढदिवस होता आणि त्याची उचलही आम्ही घेतलेली होती.

"आहोत की," डेर्लिस म्हणाला. त्याचा चेहरा इतका उजळला होता की मला तिकडे बघवेना. उकाड्याचे दिवस होते, म्हणून मी झोपायच्या खाटा अंगणात काढायला गेले. मावशी माझ्या मागोमाग आली आणि एकेक करून तिने त्या परत आत ओढल्या.