घडीवरची पावलं

निळा खडू नखाएवढाच उरला होता, चिमटीत धरला की रेषेपेक्षा बोटच कागदावर घासायचं, तरी तिला नवा काढवत नव्हता... याच खडूने तीन आठवड्यांपूर्वी तिने आपली पावलं आखली होती, आणि उद्या, लग्न लागलं की लगेच, भरल्या हॉलमध्ये ती पावलं टाकायची होती. पहिला नाच नवराबायकोचा, दोघांचाच. बाकीचे भिंतीला टेकून बघणार. उद्या – नुसता शब्द मनात आला तरी हातातली कात्री थांबायची. समोर कुणाच्या तरी कोटाची बाही अर्धी कापून पडली होती, सकाळपासून तशीच.

"लग्नाच्या आदल्या दिवशी कामावर आलेली तूच पहिली," खिडकीपाशी तिच्याच पोशाखाची किनार दुमडत बसलेल्या मावशी म्हणाल्या. काजं-बटणं करण्यात त्यांचा जन्म गेला होता. नात्याने त्या दुकानातल्या कुणाच्याच मावशी नव्हत्या.

"घरी बसले तर वेड लागेल मला," ती म्हणाली, आणि टेबलाखाली तिचा उजवा पाय आपसूक मागे गेला... डावा बाजूला... मग जोडून. तीन आठवड्यांत पाय तिला विचारेनासे झाले होते. भाजी चिरताना, दात घासताना, इस्त्रीच्या वाफेत – उजवा मागे, डावा बाजूला. चाळिशीला आलेली बाई मी, आणि शाळेतल्या पोरीसारखी मोजत बसते! पण मजा वाटत होती, खरंच वाटत होती.

होणारी नणंद दूरच्या गावी शाळेत नाच शिकवायची. एक दुपार येऊन तिने हिची पावलं हिला शिकवली, आणि गाडीची वेळ झाली म्हणून पिशवी उचलता उचलता म्हणाली, "दादाची याच्याच जोडीची. तू कागदावर काढून दे, म्हणजे तो शिकेल." काढून देणं तर हिच्या हातचा मळ. सदऱ्याची अर्धी पाठ आखायची, कागद घडीवर उलटवायचा, उरलेली अर्धी आपोआप मिळते – वीस वर्षं हेच. तिने लांब तपकिरी कागद दुमडला, आपली पावलं आखली, त्यांच्यावरून दातेरी चाक फिरवून ती पलीकडच्या अर्ध्यावर उमटवली, मग त्याच्या बुटाच्या मापाने मोठी केली, आणि घडीवर कापून त्याचा कागद त्याला दिला. त्याने तो गुंडाळून छातीशी धरला होता, नकाशा धरावा तसा.

तो बस चालवायचा. चार वर्षं ती त्याच्याच बसने कामावर येत होती, दाराजवळच्या जागेवर बसून. तो आरशातून बघायचा आणि तिने बघितलं की रस्त्याकडे बघायचा. एकदा धीर करून त्याने विचारलं होतं, "आज उशीर झाला का?" – आणि ती "नाही" म्हणून चक्क एक स्टॉप आधी उतरली होती. उतरून उन्हात चालताना स्वतःलाच शिव्या देत होती. त्यानंतर सहा महिने तो काही बोलला नाही.

जेवणाच्या सुट्टीत तो आला, गणवेशातच. "वीस मिनिटं आहेत," तो म्हणाला. डोळे चमकत होते. "मला झोपेतही येतंय आता. कागद फाटला, इतका नाचलोय त्याच्यावर."

तिने टेबल भिंतीकडे सरकवलं. एकत्र पहिल्यांदाच – त्याच्या पाळ्या, तिच्या ऑर्डरी, वेळ म्हणून जमली नव्हती. त्याचा हात तिच्या पाठीवर आला, गरम. मावशींनी सुई थांबवली. "एक," ती म्हणाली.

आणि दोघंही मागे गेले.

त्याचा हात तिच्या पाठीवरून निसटला, मध्ये दोन हात जागा पडली. पुढचं बाजूचं पाऊल मात्र दोघांनी एकाच वेळी, एकाच दिशेला, अगदी नेटकं टाकलं – आणि एकमेकांकडे बघत राहिले. मावशी पदरात तोंड लपवून हसत होत्या. पुन्हा केलं, पुन्हा तेच, पाय ऐकेनात. तिला एकदम कळलं आणि कानशिलं तापली... घडी! घडीवर उलटवलं की मी मागे तर तोही मागे. सदऱ्याच्या दोन्ही बाजूंना एकमेकींच्या जवळ यायचं नसतं.

"माझंच चुकलं," ती म्हणाली. "तुम्ही पुढे यायला हवं होतं. तुम्हाला शंका नाही आली?"

"आली ना," तो म्हणाला. "पण तू आखलंस म्हणजे बरोबरच असणार. आणि गाडी मागे घ्यायची मला सवयच आहे, रोज डेपोत तेच करतो." मग तिच्या पावलांकडे बघत, "पुढे आलो आणि तुझ्या पायावर पाय पडला तर?"

"पडू दे," ती म्हणाली. आपला आवाज इतका ठाम निघेल असं तिला वाटलं नव्हतं.

तो हसला, घड्याळाकडे बघून टोपी घातली. "आज घरी पुढेच चालतो," म्हणाला आणि निघाला. दारातून मात्र उलटाच बाहेर पडला, तिच्याकडे बघत, उंबऱ्याला अडखळत.

"नवा आखून दे की त्याला," मावशी म्हणाल्या. तिने कागद पसरलाही, खडू टेकवलाही... आणि ठेवून दिला. नाही. हे आखायचं नाही. चार वर्षं आम्ही दोघांनी नेटकं मागे-मागेच केलं की, कागदाशिवाय! मग एका सकाळी शेवटच्या स्टॉपवर तो जागेवरून उठून, मधली रिकामी वाट चालत तिच्यापाशी आला होता, तेव्हा त्याला कुणी पावलं काढून दिली होती? आणि ती तेव्हा उतरली नव्हती... बसून राहिली होती.

उद्या जमेल की नाही, देव जाणे. तीन आठवड्यांची सवय एका रात्रीत मोडते थोडीच; भर हॉलमध्ये पुन्हा मध्ये दोन हात जागा पडेल, नणंद कपाळावर हात मारेल. हसतील लोक. हसू देत.

"मावशी, मागची किनार दोन बोटं वर घ्या," ती म्हणाली. "टाचेखाली यायला नको."

ती खोलीच्या मधोमध उभी राहिली, हात हवेत धरले, तो असता तर जिथे खांदे असते तिथे. मागे टेबल होतं, बहुतेक; किती लांब, ते तिने वळून पाहिलं नाही. उजवा पाय मागे गेला. समोरची जागा मोकळी झाली, आणि ती तिथेच थांबली, हात तसेच धरून... पुढे कोणीतरी येणार असल्यासारखी.